किडे पाहायचेत? मग एक बाही शिवा!

‘किडा’ म्हटलं की आपल्या बायकांचा हात आधी कुठे जातो, सांगा पाहू? चपलेकडे, नाहीतर झाडूकडे! तांदळात टोके झाले, पसरा उन्हात. रव्यात अळी दिसली, घ्या चाळणी. निवडताना मेथीच्या जुडीतून काही वळवळलं की जुडीच कचऱ्यात. निम्मा संसार आपला या सहा पायांच्या मंडळींशी भांडण्यात जातो. तेव्हा किडे मारायचे नाहीत, उलट त्यांना कापडाचं घर शिवून द्यायचं आणि आठ दिवस नुसतं बघत बसायचं, असं दोन वर्षांपूर्वी मला कुणी सांगितलं असतं तर मीही हसलेच असते. आज मीच तुम्हाला ते सांगायला बसले आहे. हसा, पण वाचा.

मी मूळची बी.ए. मराठीची. नगरला (आता अहिल्यानगर म्हणायचं, पण जिभेची सवय जात नाही) एका शाळेत अर्धवेळ शिकवते. भाषेबरोबर ‘परिसर अभ्यास’ही माझ्याच गळ्यात पडलेला. पुस्तकात किड्याचं चित्र, त्याला बाण काढून डोकं, छाती, पोट. मुलं ते घोकतात आणि पेपरात उतरवतात. खरा किडा वर्गात शिरला की मात्र सगळा वर्ग बाकांवर चढतो, आणि खोटं कशाला बोलू, बाईही खुर्चीवर!

माझ्या थोरल्या नणंदबाई हिवरे बाजारला दिल्या आहेत. नगरहून सोळा-सतरा किलोमीटर. गावाचं नाव तुम्ही ऐकलं असेलच. १९७२ च्या दुष्काळानंतर हे गाव पार उजाड झालं होतं. डोंगर बोडके, विहिरी कोरड्या, माणसं कामासाठी बाहेर. १९८९-९० च्या सुमाराला पोपटराव पवार हे एम.कॉम. झालेले तरुण सरपंच झाले आणि गावानं श्रमदान, चराईबंदी, कुऱ्हाडबंदी, नशाबंदी, कुटुंबनियोजन असे नेम स्वतःला घालून घेतले. डोंगरावर समतल चर खणले, झाडं लावली, पाणी अडवलं. पोपटरावांना २०२० साली पद्मश्री जाहीर झाली. त्याच वर्षी आपल्याच जिल्ह्यातल्या अकोले तालुक्यातल्या बीजमाता राहीबाई पोपेरे यांनाही. हे सगळं पुष्कळदा छापून आलं आहे, मी पुन्हा सांगत नाही. मला त्यातल्या दोनच गोष्टी इथे लागणार आहेत. एक म्हणजे चराईबंदी. डोंगरावर गुरं मोकळी सोडायची नाहीत, गवत कापून डोक्यावर आणायचं. त्यामुळे गवत उभं राहतं, आणि जिथे उभं गवत तिथे किडे. दुसरी म्हणजे मोजायची सवय. पाऊस किती पडला, पाणी किती मुरलं, त्याचा ताळेबंद मांडून मग कोणती पिकं घ्यायची ते हे गाव ठरवतं. शेतीसाठी बोअर घ्यायचं नाही, ऊस-केळीसारखी पाणी पिणारी पिकं घ्यायची नाहीत. अशा गावची पोरंही मोजूनमापून बोलतात, हे मला लवकरच कळायचं होतं.

झालं असं. मागच्या वर्षी डिसेंबरात आम्ही हुरड्याला वन्संकडे गेलो. सासूबाई, हे, दोन्ही मुलं, सगळे. आगटी पेटली, गोवऱ्यांच्या निखाऱ्यावर कणसं पडली. वन्संच्या यजमानांना आम्ही सगळे दादा म्हणतो. ते मात्र गप्प गप्प. विचारलं तर म्हणाले, “ज्वारीवर चिकटा आलाय. सोमवारी औषध मारून घेतो.”

चिकटा तुम्हाला ठाऊक नसेल तर सांगते. ज्वारीच्या पानांवर मावा म्हणून बारीक, मऊ किडे थव्यानं बसतात आणि रस ओढतात. त्यांच्या अंगातून गोड, चिकट थेंब पडतात. पानं तेल लावल्यासारखी चकाकतात, पुढे त्यावर काळी बुरशी धरते. दाणा तर बिघडतोच, पण कडबाही काळा पडतो. दुधाच्या धंद्यावर चालणाऱ्या घरात कडबा म्हणजे काय, हे शहरात राहून आपल्याला समजायचं नाही.

दादांचं म्हणणं बरोबरच होतं. पण ‘औषध’ हा शब्द कानावर पडला आणि माझ्या घशात हुरडा अडकला. माझ्या माहेरी, दुसऱ्या तालुक्यात, थोरल्या वहिनी सकाळी फवारलेल्या रानात दुपारी खुरपायला गेल्या होत्या. संध्याकाळी डोळ्यांची आग, उलट्या, तोंडाला लाळ. ती रात्र दवाखान्याच्या बाकड्यावर आम्ही कशी काढली ते आम्हालाच ठाऊक. वहिनी वाचल्या. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात फवारणी करताना विषबाधा होऊन वीसाच्या वर शेतकरी आणि शेतमजूर दगावले, त्यांच्या घरच्यांच्या नशिबी तेवढंही नव्हतं. पंप पाठीवर पुरुषाच्या असतो, पण औषधासाठी पाणी भरून देणारे, मागाहून त्याच रानात वाकणारे आणि ते कपडे हातानं धुणारे हात बाईचेच असतात. आणि हुरडा तर आपण कणसावरून चोळून तसाच तोंडात टाकतो!

मी काही बोलले नाही. पाहुण्यानं शेताबद्दल बोलू नये. पण आमचे चिरंजीव, वय वर्षं अकरा, ते थोडेच गप्प बसतात! तो ताटांमध्ये शिरला होता, तिथूनच ओरडला, “आई, इथे छोट्या सुसरी आहेत!”

खरंच, पानावर सुसरीसारख्या लांबट, काळसर, अंगावर नारिंगी ठिपके असलेल्या अळ्या तुरुतुरु पळत होत्या. वन्संचा मुलगा म्हणाला, “मामी, ह्याच तर खातात ज्वारी.” दादांनीही मान हलवली. मला मात्र कुठेतरी वाचलेलं आठवत होतं की लाल पाठीचे, काळ्या ठिपक्यांचे जे गोल ढालकिडे असतात (शेतकी पुस्तकांत त्यांना चित्रांग भुंगेरा म्हणतात), त्यांची पिलं दिसायला अशी ओंगळ असतात आणि ती पान खात नाहीत, मावा खातात. पण ‘कुठेतरी वाचलंय’ एवढ्यावर कुणाच्या उभ्या पिकाचा निर्णय कसा करायचा? उद्या कडबा काळा पडला तर भरून कोण देणार, मी?

“दादा, आठ दिवस थांबता का? आपण डोळ्यांनीच बघू कोण कुणाला खातं ते.”

“आता काय, किड्यांची शिरगणती करणार का मास्तरीणबाई?” ते हसले. पण वन्सं मध्ये पडल्या. “थांबा की हो आठ दिवस. आठ दिवसांनी काय आभाळ कोसळत नाही.” त्यांनाही माझ्या वहिनींची हकिकत ठाऊक होती.

आता पाहायचं कसं? पुस्तकं चाळली. असं पाहणारे लोक पूर्वीपासून आहेत, बरं का! मारिया सिबिला मेरियान नावाची एक जर्मन बाई १६४७ साली जन्मली. तेराव्या वर्षापासून तिनं रेशमाचे किडे आणि सुरवंट खोक्यांत पाळून, त्यांना रोज पाला घालून, अंड्यापासून फुलपाखरापर्यंत चित्रं काढली. किडे चिखलातून आपोआप उपजतात असं शहाणीसुरती माणसं मानत होती तो हा काळ. पुढे १६९९ साली, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, नवऱ्यापासून वेगळी झालेली ही बाई धाकट्या मुलीला घेऊन समुद्रापार सुरीनामला गेली ती किडे पाहायला! आपल्याला पुण्याला एकटं जायचं तर चार दिवस आधी घरात सांगावं लागतं. फ्रान्समध्ये फाब्र म्हणून एक गरीब शिक्षक होते, ते मातीच्या थाळीत वाळू घालून वर तारेच्या जाळीची झाकणं ठेवत आणि तासन्‌तास बघत बसत. एकदा त्यांनी मोठ्या पतंगाची एक मादी जाळीखाली ठेवली, तर त्या रात्री अंधारातून चाळीसच्या आसपास नर पतंग घरात शिरले. लांब कशाला, आपल्या गडचिरोली-भंडाऱ्याकडे टसरचे किडे ऐनाच्या झाडांवर उघड्यावर पाळतात, तिथेही कोवळ्या वयाच्या अळ्यांना पक्षी आणि गांधीलमाश्यांपासून वाचवायला झाडावर नायलॉनची जाळी घालतात.

खोक्यात किडा ठेवला की पाला सुकतो, कुबट वास येतो, आणि किडा तिथे घरच्यासारखा वागत नाही. त्यापेक्षा जिवंत झाडाच्या फांदीलाच कापडाचा झोळ चढवायचा. किडे पाहणारे जाणकार त्याला चक्क ‘बाही’ म्हणतात. हे वाचलं आणि माझा जीव भांड्यात पडला. बाही ना? मग ते आपलं काम! ब्लाऊजच्या बाह्या शिवून शिवून बोटं झिजली आहेत आपली.

कापड कोणतं, हा पहिला प्रश्न. मच्छरदाणी सुचली, पण माव्याची पिलं इतकी बारीक की मच्छरदाणीच्या भोकांतून आरामात ये-जा करतील. सुरवंट नि फुलपाखरांसाठी मच्छरदाणी छान, माव्यासाठी नाही. सुती साडी घट्ट, तिच्यातून काही दिसत नाही. मी कपाट उलथंपालथं करत होते तेव्हा सासूबाई आपल्या ट्रंकेतून एक घडी घेऊन आल्या. फिक्या मोतिया रंगाची ऑरगंडीची साडी. घडीवर विरलेली, पण बाकी चांगली. “लग्नानंतर पहिल्या संक्रांतीला ह्यांनी घेतली होती. आता कोण नेसतंय? काप.” मला कात्री लावायचा धीर होईना. शेवटी पहिला काप त्यांनीच दिला.

आता माप नीट वाचा. ऑरगंडीचा पन्हा साधारण ४४ इंच. सव्वा मीटरचा तुकडा घ्या. पन्ह्याच्या दोन्ही कडा एकमेकींना जोडून टीप मारली की एक नळी होते, सव्वा मीटर लांब. ही टीप दुहेरी मारा, आधी सुलट बाजूनं, मग उलटवून, म्हणजे धागे आत सुटणार नाहीत. सुटलेल्या धाग्यांत किड्यांचे पाय अडकतात. दोन्ही तोंडांना परकराला असतो तसा नेफा घालून नाडी ओवा. आत कापड पानाला चिकटू नये म्हणून दोन कडी हवीत. भरतकामाच्या बारा इंची रिंगा असतील तर उत्तम, नसतील तर बांबूची कांब रात्रभर पाण्यात भिजवून वाकवा आणि टोकं सुतळीनं बांधा. एक कडं वरच्या नेफ्याखाली वीतभर, दुसरं खालच्या नेफ्यावर वीतभर, हातशिलाईनं चार-चार ठिकाणी टाका. बाजूला उशीच्या जुन्या अभ्र्याची चेन उसवून लावली तर हात घालायला दार होतं. चेन नसेल तर खालची नाडी सोडूनही काम भागतं. वापरून झाली की कडी एकावर एक बसतात आणि सगळी बाही थाळीएवढी होऊन पिशवीत मावते. एका साडीतून चार बाह्या निघाल्या, काठ उरला तो आमच्या कन्येच्या बाहुलीला.

एक चूक मी केली, ती तुम्ही करू नका. पहिली बाही मी ताटावर चढवून तशीच सोडून आले. रात्री वारा सुटला, कापडात शिडासारखा भरला आणि सकाळी कणीस मानेतून मोडलेलं! दादा काही बोलले नाहीत, हे जास्त लागलं. मग शेजारी बांबू रोवून वरचं कडं त्याला टांगलं. बाहीचा भार झाडावर पडता कामा नये, काठीवर पडला पाहिजे.

तर एकाच ओळीतली, सारखाच चिकटा असलेली तीन ताटं निवडली. पहिल्याला बाही घातली, आतले ढालकिडे, त्यांच्या अळ्या, कोळी, मुंगळे, सगळे रंगाच्या मऊ ब्रशनं बाहेर काढले आणि मावा तेवढा आत ठेवला. दुसऱ्याला बाही घातली आणि आत माव्यासोबत चार ढालकिडे नि सुसरीसारख्या तीन अळ्या सोडल्या. तिसरं उघडंच ठेवलं, खुणेला कन्येची लाल रिबीन. मोजायला युक्ती भाच्याची. पुठ्ठ्याला रुपयाच्या नाण्याएवढं भोक पाडायचं, पुठ्ठा पानावर ठेवायचा आणि भोकात दिसतील तेवढेच मोजायचे. रोज त्याच पानावर, त्याच जागी, सकाळी शाळेत जायच्या आधी. संध्याकाळी फोनवर मला आकडे यायचे.

मुंगळे का काढले, विचाराल. अहो, मुंग्या माव्याच्या गवळणी! त्या मिशांनी माव्याला गोंजारतात, गोड थेंब पितात आणि बदल्यात त्याची राखण करतात, ढालकिड्यांना हुसकावून लावतात. आणि माव्याचा संसार ऐकाल तर थक्क व्हाल. मादीला नर लागत नाही, अंडी घालायची कटकट नाही, ती सरळ जिवंत पिलं देते. त्या पोटातल्या लेकीच्या पोटातही पुढची लेक तयार असते. आठवड्याभरात ती लेकही बाळंतीण. मी हे शिक्षकांच्या खोलीत सांगितलं तेव्हा आमच्या एक वयस्क बाई म्हणाल्या, “नशीब, त्यांना डोहाळजेवणं नसतात!”

पुढच्या रविवारी गेलो. पहिल्या बाहीत पानाचा हिरवा रंग दिसत नव्हता, मावाच मावा. भाच्याने चौथ्या दिवसापासून मोजणं सोडून वहीत नुसतं ‘लई’ असं लिहिलं होतं. दुसऱ्या बाहीत पानं बरीच साफ, सुकलेल्या माव्याच्या पांढऱ्या साली तेवढ्या चिकटलेल्या. आणि सुसरीच्या अळ्यांपैकी दोघी पानाला शेपटीकडून चिकटून गोळा होऊन बसलेल्या. आमच्या डोळ्यांदेखत काही फुटलं नाही, पण मंगळवारी फोटो आला. त्या गोळ्यातून एक ढालकिडा बाहेर आलेला, पण अगदी फिका पिवळा, ठिपक्यांवाचून. काही तासांनी दुसरा फोटो, आता त्याला रंग आणि ठिपके. म्हणजे सुसर आणि ढालकिडा एकच! वन्सं फोनवर म्हणाल्या, “अगं, इतकी वर्षं आम्ही ह्याच्याच पोरांना किडे म्हणून मारत होतो की!”

मला तर आनंदानं नाचावंसं वाटलं. वर्गात सगळं फळ्यावर काढून दाखवलं. तर पाचवीतली एक बारकी मुलगी उठून म्हणते, “पण बाई, पहिल्या झाडाला कापड होतं म्हणूनच मावा वाढला नसेल कशावरून? आत वारा नाही, थंडी नाही. आमची आजीपण गोधडीत घेतलं की बाळ वाढतं म्हणते.”

वर्ग हसला. मी नाही हसले. मुलीचं खरं होतं. उघड्या ताटावर मावा कमी होता तो ढालकिड्यांमुळे की वाऱ्यामुळे, हे मी सांगू शकत नव्हते. बी.ए. झालेल्या बाईला जे सुचलं नाही ते पाचवीतल्या पोरीला सुचलं. मग तिसरी बाही मी मुद्दाम फाडली, म्हणजे बाजूनं हातभर लांबीच्या चार चिरा दिल्या आणि खालची नाडी सैल सोडली. सावली तीच, वारा तेवढाच अडलेला, पण ढालकिड्यांना दार उघडं. पुन्हा नवी ताटं, पुन्हा आठ दिवस. दादांना पुन्हा आठ दिवस मागायची माझी छाती नव्हती, ते काम सासूबाईंनी केलं. जावई सासूला नाही कसं म्हणणार!

आठ दिवसांनी चिरा दिलेल्या बाहीत ढालकिडे आपण होऊन शिरलेले होते, शिवाय जाळीदार हिरव्या पंखांचा एक नाजूक किडाही. क्रायसोपा त्याचं नाव, त्याच्या अळ्याही मावा खातात. त्याची अंडी केसाएवढ्या देठांवर उभी असतात, टाचणीच्या टोकासारखी. मावा होता, पण आटोक्यात. बंद बाहीत मात्र पहिल्यासारखाच ‘लई’. म्हणजे दोष कापडाचा नव्हता.

आता तुम्हाला वाटेल, दादांनी औषधाचा डबा फेकून दिला असेल. तसं काही झालं नाही, आणि पाचसहा ताटांवरून साऱ्या शेताचा न्याय करता येत नाही हे मलाही समजतं. ते सगळ्या रानातून फिरले, प्रत्येक पट्ट्यात काही ताटं तपासली. आत ढालकिडे भरपूर होते तिथे हात लावला नाही. रस्त्याकडेच्या पट्ट्यात चिकटा दाट आणि ढालकिडे जवळजवळ नाहीत, तिथे निंबोळीचा अर्क मारला. पाच किलो निंबोळीचा भरडा रात्रभर भिजवून, गाळून, शंभर लिटर पाणी करायचं. गाळायला पुन्हा आपल्याच जुन्या साड्या! त्या पट्ट्यातला थोडा कडबा काळा पडलाच. दादांनी ते मला दोनदा ऐकवलं. ऐकून घेतलं. विकतचं औषध त्या हंगामात ज्वारीवर पडलं नाही, आणि संक्रांतीनंतरच्या दुसऱ्या हुरड्याला वन्संनी कणसं बिनधास्त पोरांच्या हातात दिली.

शहरात ज्वारी कुठून आणणार, असं म्हणू नका. गॅलरीत कढीपत्त्याची कुंडी असते ना? तिच्या कोवळ्या पानांवर पिवळसर, मोहरीपेक्षा लहान, एकेकटं गोल अंडं दिसलं तर समजा लिंबावरचं फुलपाखरू येऊन गेलं. लहान अळी पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसते, म्हणून कुणी खात नाही. मोठी झाली की हिरवीगार होते, आणि काडी लावली तर मानेतून दोन तांबूस शिंगं बाहेर काढून घाणेरडा वास सोडते. तिच्यासाठी मच्छरदाणीच्या कापडाची छोटी बाही पुरे, आठ इंची रिंगा घ्या. मच्छरदाणी काळी किंवा गडद मिळाली तर आणखी चांगलं. पांढरं कापड उन्हात चकाकतं आणि आतलं दिसत नाही. अळीला पंधरवडा, कोषाला आणखी आठ-दहा दिवस, थंडीत जास्तच. कधीकधी कोषातून फुलपाखराऐवजी बारीक गांधीलमाश्या निघतात. अळीच्या अंगात त्यांच्या आईनं आधीच अंडी घातलेली असतात. मुलं रडतात. रडू द्यावं, आणि तेही वहीत लिहायला लावावं.

मेथी-कोथिंबिरीच्या वाफ्यासाठी शिवायचीही गरज नाही. टेबलावर जेवण झाकायची उघडमिटीची छत्रीसारखी जाळी असते ना, ती वाफ्यावर उपडी घाला. कडेनं फट राहते, तिथे साडीचा जुना फॉल दुमडून नळी शिवा, वाळू भरा आणि भोवती गुंडाळा. तान्ह्या बाळाची घडीची मच्छरदाणीही अशीच कामाला येते, पण ती परत बाळाला वापरायची असेल तर नको.

बाही बांधण्याआधी आत कोळी लपला नाही ना, हे पान उलटून बघा, नाहीतर दुसऱ्या दिवशी तोच एकटा गलेलठ्ठ उरलेला दिसेल. दुपारच्या कडक उन्हात आत भट्टी होते, कुंडी सावलीत सरकवा. केसाळ सुरवंटाला उघड्या हातानं शिवू नका, अंगावर गांधी उठतात. फुलपाखरं पकडून साठवायची तर नाहीतच. काही जातींना १९७२ च्या वन्यजीव कायद्याचं संरक्षण आहे. आपण आपल्या दारची साधीसुधी पाहायची आणि सोडून द्यायची. आणि हिवरे बाजार बघायला गेलात तर आधी ग्रामपंचायतीला कळवा, कुणाच्या रानात विचारल्याशिवाय शिरू नका.

बाह्या धुवायच्या त्या रिठ्याच्या पाण्यात. वासाच्या पावडरीचा अंश कापडात राहिला तर किडे मरतात. ऑरगंडीला खळ तर मुळीच नको. माझ्या दोन बाह्या आता शाळेच्या कपाटात आहेत, चिरा दिलेली वन्संकडे. चौथी सासूबाईंनी मागून घेतली आणि गॅलरीतल्या कढीपत्त्याला स्वतः बांधली. साडीचा पदराकडचा भाग तिच्यात आला आहे, हे त्यांनी मला बांधताना सांगितलं. आत सध्या एक कोष आहे, कमरेला रेशमाचा दोरा घेऊन काडीला टेकलेला. फुलपाखरू निघायच्या आदल्या दिवशी तो काळपट पडतो, म्हणून त्या रोज पूजेआधी चष्मा लावून एकदा तिथे जाऊन येतात. आज सकाळी तरी हिरवाच होता.